बाबूराव पेंटर : न वाचता कळणारी चित्रे

(रात्रीच्या वर्गात केलेले भाषण)



आज पाटी-पेन्सिल पिशवीतच राहू द्या. आज गोष्ट ऐकायची आहे.

गेल्या आठवड्यात वर्गातल्या एक बाई मला म्हणाल्या, "गुरुजी, अक्षरं येत नव्हती तेव्हा आम्ही काय आंधळे होतो व्हय? बाजार करत होतो, जत्रंला जात होतो, सिनेमा बघत होतो. समदं कळत होतं की!"

बाई खरे बोलल्या. त्या वेळी मी हसलो आणि फळ्याकडे वळलो. उत्तर दिले नाही. घरी गेल्यावर ते बोलणे मनात घोळत राहिले. माझी आईच डोळ्यांपुढे उभी राहिली.

माझ्या आईला अक्षरओळख नव्हती. आमच्या गावात सुगी संपली की तंबूतला सिनेमा यायचा. बाजाराच्या दिवशी एक हातगाडी गावातून फिरे. तिच्यावर दोन मोठ्या फळ्या एकमेकींना टेकवून उभ्या केलेल्या. फळ्यांवर सिनेमाची पोस्टरे चिकटवलेली. पुढे ताशा, मागे आम्ही पोरे. आई भाजी घेता घेता मान वर करून बघायची आणि म्हणायची, "ही बया सोसणार. हा मिशावाला मेला दावा साधणार. आणि हा पोरगा शेवटी येऊन वाचवणार." आम्ही रात्री जाऊन बघायचो, तर अगदी तसेच! मी तेव्हा चौथीत होतो. पोस्टरावरची अक्षरे मी मोठ्याने वाचून दाखवी. आईला त्यांची गरजच नव्हती.

मग प्रश्न पडतो, की असे चित्र काढायचे कसे? ज्याला एक अक्षर येत नाही त्यालाही दहा पावलांवरून सगळी गोष्ट कळावी, आणि खिशातला पैसा काढून त्याने आत यावे, असे चित्र. हे काम सोपे नाही. ते काम आपल्याकडे ज्यांनी अगदी सुरुवातीला केले, त्यांत एक मोठा माणूस आपल्या कोल्हापूरचा होता. त्यांचे नाव बाबूराव पेंटर.

पेंटर हे त्यांचे मूळचे आडनाव नव्हे. त्यांचे नाव बाबूराव कृष्णराव मेस्त्री. जन्म ३ जून १८९० चा, कोल्हापूरचा. घराणे कारागिराचे. वडील सुतारकामात, मूर्तिकामात तरबेज. लाकूड असो, धातू असो, हातात आले की त्याला आकार यायचा. घरात पटाशी, रंधा, कानस आणि कुंचला एकाच पेटीत नांदत होते म्हणा ना. बाबूरावांचे शाळेतले शिक्षण थोडेच झाले. चित्रकलेच्या मोठ्या शाळेत तर ते कधी गेलेच नाहीत. जे शिकले ते घरात, बघून बघून. लोक त्यांना पेंटर म्हणू लागले, तेच पुढे आडनाव झाले. जसे कुलकर्णीपण करणारे कुलकर्णी झाले, देशमुखी करणारे देशमुख झाले, तसे हे रंगकाम करणारे पेंटर.

त्यांच्या नात्यातले एक भाऊ होते, आनंदराव. तेही पेंटरच. दोघांची जोडी जमली. दोघे मिळून नाटकांचे पडदे रंगवू लागले.

आता पडदा म्हणजे काय, ते जरा सांगतो, कारण पुढचे सगळे त्यातूनच निघाले. त्या काळी नाटक कंपन्या गावोगाव फिरत. रंगभूमीच्या मागे कापडाचा भला मोठा पडदा सोडत. एका पडद्यावर राजवाडा, एकावर अरण्य, एकावर रस्ता. प्रवेश बदलला की पडदा गुंडाळून वर जाई आणि दुसरा खाली येई. कापड सपाटच, पण चित्र असे काढायचे की वाड्याचे खांब एकामागे एक लांबवर गेलेले दिसावेत. बघणाऱ्याला वाटावे, आता उठून त्या खांबांमधून चालत जावे! रंग म्हणजे रंगीत पूड आणि सरस. सरस उकळून पातळ करायचा आणि त्यात पूड कालवायची. ओला असताना हा रंग एक दिसतो, वाळल्यावर दुसराच. आणि खेळ रात्री दिव्याच्या उजेडात. दिवसा जो रंग छान वाटला, तो रात्री दिव्यापुढे फिका पडे. हे सगळे आधी ताडून रंग लावायचा.

शिवाय खरी परीक्षा शेवटच्या रांगेतला माणूस घेतो. पुढे खुर्चीत बसलेल्या सरदाराला सगळेच दिसते. मागे जमिनीवर बसलेल्या माणसालाही वाडा वाड्यासारखा दिसला पाहिजे. म्हणून पडदा रंगवणारा चार हात मारतो, मग लांब जाऊन उभा राहतो, डोळे बारीक करून बघतो, परत येतो. बारीकसारीक नक्षी काढत बसला तर लांबून सगळा चिखल दिसतो. मोठा आकार, ठसठशीत रंग, आणि उजेड कोणत्या बाजूने येतो ते पक्के. बाबूरावांनी हे तरुणपणीच हातात मुरवले. केशवराव भोसले यांच्या ललितकलादर्श नाटक मंडळीचे पडदे या भावांनी रंगवले. गुजराती आणि पारशी नाटक कंपन्यांचीही कामे त्यांच्याकडे आली. १९१० ते १९१६ या काळात पडदे रंगवण्यात या दोघांचे नाव होते.

अशात १९१३ साल उजाडले. दादासाहेब फाळके यांनी 'राजा हरिश्चंद्र' हा चित्रपट काढला. चित्रे हलतात, माणसे चालतात, पण आवाज नाही. मूक चित्रपट. आनंदराव आणि बाबूराव त्या वेडाने झपाटले. ज्यांनी आयुष्यभर न हलणारी चित्रे काढली, त्यांना हलणारे चित्र दिसल्यावर दुसरे काय होणार? पण चित्रपट काढायला कॅमेरा हवा. तो विलायतेहून यायचा आणि पैसा तर जवळ नाही. भावांनी ठरवले, आपणच बनवू.

थांबा, हसू नका. कोणाला वाटेल, रंगारी कॅमेरा बनवणार? पण मघाशी सांगितले ना, पेटीत कुंचला होता तशी कानसही होती. कॅमेऱ्यात काय असते? एक अंधारी पेटी, पुढे काच, आणि आत फिल्मची लांब पट्टी. हँडल फिरवले की पट्टी पुढे सरकायची, क्षणभर थांबायची, चित्र उमटायचे, पुन्हा सरकायची. एका सेकंदात असे सुमारे सोळा वेळा. पट्टी सरकायच्या वेळी थांबली किंवा थांबायच्या वेळी सरकली, की सगळे चित्र पुसट. म्हणजे घड्याळासारखे नेमके काम. ते चालू असतानाच १९१६ साली आनंदराव वारले. दोघांपैकी एक गेला. बाबूरावांनी काम सोडले नाही. विष्णुपंत दामले नावाचा एक हुशार शिष्य त्यांना मिळाला होता. दोघांनी भाग घडवले, घासले, बसवले, बिघडले, पुन्हा घडवले. १९१८ साली कोल्हापुरात तयार झालेला कॅमेरा चालू लागला.

त्याच सुमारास महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली. भांडवल दिले गायिका तानीबाई कागलकर यांनी. एका बाईने, त्या काळात, एका रंगाऱ्याच्या हातावर विश्वास ठेवून पैसा लावला, हे लक्षात ठेवा. पुस्तकांत तिचे नाव एका ओळीत येते आणि जाते. शाहू छत्रपतींचाही या कामाला आश्रय लाभला.

१९२० साली कंपनीचा 'सैरंध्री' हा चित्रपट पुण्यात लागला. महाभारतातली गोष्ट तुम्हाला ठाऊक आहे. विराटाच्या घरी द्रौपदी दासी होऊन राहते, कीचक तिच्यावर डोळा ठेवतो आणि भीम त्याला मारतो. तो मारण्याचा प्रसंग इतका खरा वाटला की सरकारने तो कापायला लावला. लोकमान्य टिळकांनी चित्रपट पाहिला, बाबूरावांना सुवर्णपदक दिले आणि 'सिनेमा केसरी' अशी पदवी दिली. त्याच वर्षी १ ऑगस्टला लोकमान्य गेले.

हे झाले कौतुक. आता धंद्याची गोष्ट.

चित्रपट काढला. पण लोकांना कळणार कसे, की अमुक गावात, अमुक दिवसापासून तो लागला आहे? वर्तमानपत्रात जाहिरात द्यावी, तर वर्तमानपत्र वाचतो कोण? १९२१ ची शिरगणती बघा. सगळ्या हिंदुस्थानात शंभर माणसांत लिहिता-वाचता येणारे सुमारे सात. बाया तर शंभरांत दोनसुद्धा नव्हत्या. म्हणजे छापील जाहिरात सातांसाठी. उरलेल्या त्र्याण्णवांना काय सांगायचे? आणि तंबूत, थेटरात गर्दी करणार ती या त्र्याण्णवांचीच!

इथे पडदे रंगवणारा हात कामाला आला. बाबूरावांनी आपल्या चित्रपटांची पोस्टरे स्वतः रंगवली. त्या काळात बहुतेकांची जाहिरात म्हणजे नाव, वेळ, तिकिटाचा दर आणि चार बढाईचे शब्द, सगळी अक्षरेच. बाबूरावांनी भिंतीवर चित्र आणले. १९२३ च्या 'वत्सलाहरण' चित्रपटाच्या पोस्टराचे नाव घेतात. १९२४ च्या 'कल्याण खजिना' चे तर हमखास घेतात. आपल्या देशातल्या सिनेमाची जी चित्र-पोस्टरे आजवर टिकली, त्यांत सर्वांत जुने हेच, असे जाणकार सांगतात. शिवाजीराजांच्या माणसांनी कल्याणचा खजिना लुटला, तेव्हाची ती गोष्ट.

मी स्वतः कधी चित्र काढले नाही. शाळेत भूगोलाच्या तासाला गाय काढली तर मुले घोडा म्हणत. पण मास्तर म्हणून एक कळते. जो माणूस शेवटच्या रांगेला दिसेल असा पडदा रंगवून शिकला, त्याला रस्त्यावरच्या माणसाचे मन कळते. रस्त्यावरचा माणूस थांबत नाही. त्याच्या डोक्यावर ओझे असते, बैल पुढे ओढत असतो, पोर रडत असते. त्याची नजर भिंतीवर पडते तेवढाच वेळ तुमच्या हाती. तेवढ्यात दहा गोष्टी सांगायला जाल तर एकही पोचत नाही. सगळ्या गोष्टीतला एकच क्षण निवडायचा. कट्यार उगारलेली आहे, अजून खाली आलेली नाही, असा. मग बघणाऱ्याच्या मनात येते, पुढे काय झाले? आणि पुढे काय झाले हे बघायला तिकीट काढावे लागते!

आता हे रंगीत पोस्टर छापत कसे, तेही ऐका. हा भाग मला फार आवडतो.

त्या काळची रीत म्हणजे शिळाछाप. दगडावरून छापणे. ती युक्ती काढली जर्मनीच्या मुलखातल्या आलॉइस झेनेफेल्डर नावाच्या माणसाने. गोष्ट १७९६ ची. तो छपाईचे प्रयोग करत होता. एक दिवस आई म्हणाली, धोबी दारात उभा आहे, कपड्यांची यादी लिहून दे. घरात कागदाचा तुकडा सापडेना. मग याने जवळच्या गुळगुळीत दगडावर आपल्या तेलकट शाईने यादी लिहून टाकली. धोबी गेला, पण दगड राहिला. तो बघता बघता याच्या मनात आले, की यावरून छापता येईल. त्या विचारातून दोन वर्षांत शिळाछाप निघाली.

युक्ती अशी. तेल आणि पाणी एकत्र येत नाही, हे तुम्हाला मी सांगायला नको. चुनखडीच्या सपाट दगडावर तेलकट शाईने चित्र काढायचे. मग दगड पाण्याने ओला करायचा. चित्रावर पाणी ठरत नाही, कोऱ्या जागेत ठरते. आता तेलकट शाईचा रूळ फिरवायचा. ओल्या जागेला शाई चिकटत नाही, चित्रालाच चिकटते. वर कागद ठेवून दाबला, की छाप उठला. पुन्हा पाणी, पुन्हा रूळ, पुन्हा कागद. रंगीत चित्र असेल तर प्रत्येक रंगाला वेगळा दगड. पिवळ्याचा एक, तांबड्याचा एक, निळ्याचा एक, काळ्याचा एक. एकच कागद या सगळ्या दगडांवरून फिरायचा. तो केसभर जरी सरकला, तरी ओठांचा तांबडा रंग गालावर जाऊन बसायचा. तुमच्या आजी-आजोबांच्या घरात लक्ष्मी-सरस्वतीची जुनी चित्रे होती ना? राजा रविवर्मा यांच्या छापखान्याची, पुण्याच्या चित्रशाळेची? ती याच रीतीने छापलेली.

आणि एक गंमत. दगडावरचा छाप कागदावर उलटा उठतो. म्हणून दगडावर अक्षरे उलटी काढावी लागत, आरशात दिसतात तशी. आपल्या वर्गातले दोघे-तिघे अजून 'ट' उलटा काढतात. मी रोज रागावतो. त्या छापखान्यात गेले असते तर मालकाने त्यांना लगेच ठेवून घेतले असते!

पोस्टराबरोबर बाबूरावांनी आणखी एक गोष्ट चालू केली. चित्रपटाची छोटी पुस्तिका छापायची, तिच्यात कथा आणि फोटो. घरात एखाद्या पोराला वाचता येत असले की तो मोठ्याने वाचायचा आणि बाकीचे फोटो बघायचे.

एवढेच नव्हे, थेटरात बसल्यावरसुद्धा वाचणाऱ्याची गरज लागे. मूक चित्रपटात माणसे ओठ हलवत, आवाज येत नसे. मग मधेच पडद्यावर अक्षरे येत, 'राजा म्हणाला, जा!' असे काहीतरी. ती वाचता येणारा कोणी असला तर मोठ्याने वाची, म्हणजे शेजाऱ्यांना कळे. माझे आजोबा सांगत, आमच्या गावच्या तंबूत वाचणारा एकच होता. त्याला तंबाखूची चंची हातात आयती मिळायची, कारण तो गप्प बसला तर पन्नास माणसे आंधळी.

१९२३ साली बाबूरावांनी 'सिंहगड' काढला. त्यात शिवाजीराजांचे काम त्यांनी स्वतः केले. तोवर चित्रीकरण उन्हात होई. या चित्रपटात त्यांनी विजेचे दिवे लावून रात्रीचा देखावा घेतला. प्रत्येक प्रसंग ते आधी कागदावर काढत. कपडे कसे, कोण कुठे उभा, उजेड कुठून, सगळे चित्रात. ज्या माणसाने रंगीत पडदे रंगवून नाव मिळवले, त्यानेच सिनेमातून रंगीत पडदा काढून टाकला आणि खऱ्या भिंतींची, खऱ्या दारांची घरे उभी केली. आपल्याच हाताचे कसब नको तिथे बाजूला ठेवायचे, हे मला त्यांच्या पदकापेक्षा मोठे वाटते.

आता मी मघाशी सांगितलेल्या त्या बाईंच्या प्रश्नाकडे येतो.

१९२५ साली बाबूरावांनी 'सावकारी पाश' नावाचा चित्रपट काढला. कथा नारायण हरी आपटे यांची. यात देव नाहीत, राजे नाहीत, लढाई नाही. एक शेतकरी, त्याची जमीन आणि एक सावकार. सावकार खोटा कागद करतो. त्या कागदाच्या जोरावर शेतकऱ्याची जमीन जाते. शेतकरी गाव सोडून शहरात जातो आणि गिरणीत मजूर होतो. तरुण शेतकऱ्याचे काम केले शांताराम नावाच्या पोराने. तोच पुढे व्ही. शांताराम म्हणून नावाजला. त्यात एक देखावा होता. रात्रीची वेळ, पडकी झोपडी आणि दाराशी रडणारे कुत्रे. बस्स. ज्यांनी तो पाहिला, ते पुढे कितीतरी वर्षे त्याबद्दल बोलत आणि लिहीत राहिले. बघा, इथेही तेच. एकच क्षण, एकच चित्र आणि सगळे घर बुडाल्याची गोष्ट.

पण तो चित्रपट फारसा चालला नाही. लोकांना देवादिकांचे चमत्कार बघायची सवय होती. पुस्तकांत एवढेच कारण देतात. मला दुसरेही एक वाटते. दिवसभर ज्या सावकाराच्या ओट्यावर हात जोडून उभे राहायचे, त्यालाच रात्री पैसे देऊन बघायला कोण जाईल?

आमच्या घरातलीच गोष्ट सांगतो. माझ्या आजोबांनी एका कागदावर अंगठा दिला होता. बी-बियाणाला थोडी रक्कम घेतली होती. तोंडी ठरले होते, की सुगीला परत. कागदावर दुसरेच लिहिले होते. विहिरीकडचा निम्मा तुकडा गेला तो गेलाच. सावकाराचे नाव घेत नाही, त्याची नातवंडे भली माणसे आहेत. आजोबा तो कागद शेवटपर्यंत पत्र्याच्या डब्यात ठेवून होते. मी वाचायला शिकलो तेव्हा मला म्हणाले, "वाच बघू, काय लिवलंय." मी वाचले. आजोबांनी तो पुन्हा घडी करून डब्यात ठेवला. काही बोलले नाहीत. शाईने उठलेला त्यांचा अंगठा मात्र स्वच्छ दिसत होता, रेघन् रेघ.

बाई, तुम्ही विचारलेत ना, आम्ही आंधळे होतो का? नव्हतात. माझे आजोबाही नव्हते. आभाळ बघून पाऊस सांगायचे, बैलाच्या चालीवरून त्याचे दुखणे ओळखायचे. पोस्टर बघून सिनेमाची गोष्ट तर कोणीही सांगेल. कारण पोस्टर काढणाऱ्याची धडपडच अशी, की सगळ्यांना कळावे. पण सावकाराने तो कागद लिहिला, तो आजोबांना कळू नये म्हणूनच. बाबूरावांना हे दोन्ही ठाऊक होते, असे मला वाटते. म्हणून तर शाळेत थोडेच शिकलेल्या त्या माणसाने खोट्या कागदाची गोष्ट घेतली आणि ती न वाचता कळेल अशी मांडली.

पुढची हकिकत थोडक्यात सांगतो. १९२९ साली त्यांचे शिष्य दामले, फत्तेलाल, धायबर आणि शांताराम कंपनीतून बाहेर पडले आणि सीतारामपंत कुलकर्णी यांच्या साथीने त्यांनी कोल्हापुरातच प्रभात फिल्म कंपनी काढली. ती पुढे पुण्याला गेली. तिचा १९३६ चा 'संत तुकाराम' तुमच्यापैकी कितीतरी जणांनी पाहिला असेल. तो दामले आणि फत्तेलाल यांचा. म्हणजे बाबूरावांच्या हाताखाली तयार झालेल्यांचा. शिष्य गेल्यावर महाराष्ट्र फिल्म कंपनी फार काळ टिकली नाही. १९३१ साली 'आलम आरा' आला आणि चित्रपट बोलू लागला. बाबूरावांचा जीव मुक्या चित्रात होता. बोलपट त्यांनी थोडेच काढले. त्यांतला एक मात्र 'सावकारी पाश' च. ११ वर्षांनी, १९३६ साली, तीच गोष्ट त्यांनी पुन्हा काढली, या वेळी आवाजासकट. एकदा न चाललेली गोष्ट माणूस पुन्हा हाती घेतो, ती काय फक्त धंद्यासाठी? शेवटी शेवटी ते बहुतेक चित्रे आणि मूर्ती यांतच रमले. १९४७ च्या 'लोकशाहीर रामजोशी' या चित्रपटाला शांतारामांबरोबर दिग्दर्शक म्हणून त्यांचेही नाव आहे. १६ जानेवारी १९५४ रोजी बाबूराव पेंटर कोल्हापुरात वारले.

१९२५ चा तो मुका 'सावकारी पाश' आज कोणालाच पाहता येत नाही. तेव्हाची फिल्म फार नाजूक. चटकन पेट घ्यायची, आणि नुसती डब्यात पडून राहिली तरी कुजायची. त्या काळचे बहुतेक चित्रपट असेच गेले. जपून ठेवायची वस्तू गेली. आणि जे पोस्टर आठ-पंधरा दिवस भिंतीवर राहून पावसात गळून जायचे, ते 'कल्याण खजिना' चे पोस्टर मात्र शंभर वर्षांनीही लोकांना ठाऊक आहे.

कोल्हापुरात खरी कॉर्नर म्हणून चौक आहे. तिथे कॅमेऱ्याचा एक स्तंभ उभारला आहे, या मंडळींच्या आठवणीसाठी. तुम्ही जोतिबाला जाता, अंबाबाईला जाता. पुढच्या खेपेला देवळातून निघालात की थोडे तिकडे वळा. वाटेत दुकानांच्या पाट्या आणि भिंतीवरची पोस्टरे लागतील. आधी नुसते चित्र बघा आणि काय ते ओळखा. मग खालची अक्षरे वाचा. वाचताना अडलात तर लाजू नका, चौकात थांबून जोडाक्षर फोडून वाचा. एक एस.टी. चुकली तर चुकली, मागून दुसरी आहेच.